आभार दिवाकर मानेल

फोन आला तेव्हा मी 'उ'वर होतो. शाळकरी मुलांसाठीच्या एका छोट्या शब्दकोशाचं काम निवृत्तीनंतर मी घरी बसून करतो. मुद्रितं तपासायची, अर्थ सोपा झाला आहे का ते पाहायचं, जिथे अडतं तिथे पेन्सिलीने खूण करून पुढे जायचं. त्या सकाळी 'उत्सव', 'उत्साह', 'उत्सुक' मागे टाकून मी 'उत्स्फूर्त'वर थांबलो होतो. या शब्दासमोर माझी खूण फार दिवसांपासून होती. तेवढ्यात टेबलावरचा मोबाइल थरथरला. प्राचीचा फोन. दिवाकरची मुलगी. "काका, बाबा गेले. झोपेतच... तुम्ही या ना, आईजवळ कोणी नाही." मी आलोच म्हणालो, चष्मा काढला, पुन्हा घातला, आणि कारण नसताना ते पान शेवटपर्यंत वाचून काढलं. एकही शब्द डोक्यात शिरला नाही. तेव्हापासून हे असंच चाललं आहे. पुस्तक उघडतो आणि उठतो. खिडकीशी जातो, परत येतो. दिवाकरबद्दल काही लिहावं असं एका वर्तमानपत्राच्या पुरवणीच्या संपादकांनी सुचवलं, त्यालाही आता बरेच दिवस झाले, आणि बसून लिहिणं मला अजून जमत नाही. हा मजकूर तुकड्यातुकड्यांनी लिहिलेला आहे, वाचताना ते जाणवेल.

दिवाकर पाटबंधारे खात्यात कारकून होता आणि तिथूनच निवृत्त झाला. मूळ गाव नरखेड तालुक्यात. संत्र्याची बाग, ती धाकटा भाऊ पाहतो. शिकायला नागपुरात आला आणि इथलाच झाला, बोली मात्र गावाकडची ठेवली. आमची ओळख सक्करदऱ्याकडच्या एका वाचनालयातली. मी कॉलेजात ग्रंथपाल होतो आणि या वाचनालयाच्या कार्यकारिणीत फुकटचं काम करत असे. वरच्या मजल्यावर हॉल आहे, तिथे शनिवारी व्याख्यान व्हायचं, अजूनही होतं. दिवाकर पहिल्यांदा आला तो व्याख्यानाला आला नव्हता. मे महिना होता, तो खाली पेपर वाचत बसला होता, आणि वर कूलर लावलाय असं कोणीतरी सांगितल्यावर वर येऊन दाराजवळच्या शेवटच्या खुर्चीत बसला. हे तो स्वतःच सगळ्यांना सांगत असे. त्या दिवशी आभार मानायचे होते ते सचिव मध्येच घरी गेले, सासुरवाडीची मंडळी आली म्हणून. अध्यक्ष इकडेतिकडे पाहू लागले. मी तर खुर्चीत आणखी खाली सरकलो, कारण चार माणसांसमोर उभं राहून बोलायचं म्हटलं की माझ्या घशाला कोरड पडते. मी मागे वळून या अनोळखी माणसाला म्हणालो, "तुम्ही मानता का आभार?" तो म्हणाला, "मले कोणाचंच नाव मालूम नाही." आणि उठलाच.

त्या दिवशी त्याने वक्त्याचे आभार मानले ते असे, की "सरांचा चष्मा तीनदा घसरला, पण विषय नाही घसरला." मग पहिल्या रांगेतल्या एका बाईंचे, कारण मागच्या आजोबांना फळा दिसावा म्हणून त्यांनी आपली खुर्ची गुपचूप बाजूला घेतली होती. मग शेजारच्या शिंप्याचे, कारण कूलरची वायर खिडकीतून त्याच्या दुकानात गेली होती आणि वीज त्याची जळत होती. हे आम्हा कार्यकारिणीच्या लोकांनाही माहीत नव्हतं. शेवटी म्हणाला, "लोकायच्या गाड्या बाहेर उन्हात तापून राहिल्या. मी जास्त बोलत नाही." आणि बसला. लोक हसत उठले, पण उठताना त्या बाईंकडे, खिडकीतल्या वायरकडे पाहत उठले. त्यानंतर कित्येक वर्षं आमच्या कार्यक्रमपत्रिकेत शेवटच्या ओळीपुढे नाव लिहायची गरज पडली नाही. बैठकीत वक्ता कोण, अध्यक्ष कोण, पाणी कोण ठेवेल, यावर वाद व्हायचे. शेवटी कोणीतरी म्हणायचं, "आभार दिवाकर मानेल", आणि बैठक संपायची.

लोक त्याच्या बोलण्याला उत्स्फूर्त म्हणायचे. त्याला तो शब्द आवडत नसे. पेपर पुढे करून म्हणायचा, "हे पाह्य. उत्स्फूर्त बंद. काल संध्याकाळी पोट्टे येऊन गल्लीत दुकान-दुकान सांगून गेले, उद्या शटर उघडजा नको. आन आज हे उत्स्फूर्त!" शाळांमधल्या उत्स्फूर्त भाषणस्पर्धांना त्याला परीक्षक म्हणून बोलवायचे. तिथे मुलांना विषयांची यादी आठवडाभर आधी दिलेली असायची आणि चिठ्ठी उचलली की मुलगा डोळे वर करून पाठ म्हणायला लागायचा. एकदा एका मुलीची चिठ्ठी हरवली, शोधूनही सापडेना, तर ती म्हणाली, "सर, माझी चिठ्ठी हरवली आणि आता सगळे माझ्याकडे बघतायत," आणि त्यावरच बोलली. दिवाकरने तिला पहिला नंबर दिला. बाकीचे परीक्षक नाराज झाले, तिचा विषय पर्यावरण होता म्हणे.

मी शब्दांचा माणूस. मला हे सगळं ऐकताना कोशांकडे जायची खोड. स्फुर् म्हणजे थरथरणं, स्पंदन पावणं. ओठ स्फुरतात, बाहू स्फुरतात, कविता स्फुरते. त्याला 'उत्' लागला की ते वर उसळून येतं. हजरजबाबीपणा वेगळा, तिथे समोरच्याचा प्रश्न आधी लागतो. 'आयत्या वेळी' वेगळं. सभेच्या विषयपत्रिकेत सर्वांत खाली 'आयत्या वेळी येणारे विषय' असतात आणि बहुधा तेच आधीपासून ठरलेले असतात. दिवाकरच्या गावाकडे यातलं काहीच चालत नाही, तिथे 'मनचं सांगणं' असा एक प्रयोग आहे आणि त्याचा अर्थ थापा मारणं. "आमच्याकडे माणूस मनचं बोलू लागला की लोक उठून जातात," असं तो म्हणायचा. कोशाचं काम माझ्याकडे आलं तेव्हा मी 'उत्स्फूर्त'चा अर्थ लिहिला, 'पूर्वतयारी न करता आपोआप सुचलेले (भाषण, काव्य इ.)', आणि त्याला मोठ्या समाधानाने वाचून दाखवला. तर्रीपोहे खात होतो आम्ही, कोपऱ्यावरच्या टपरीवर.

"आपोआप काढ," तो म्हणाला.

"का?"

"आपोआप तर आमच्या नळाले पाणी बी येत नाही."

"मग कुठून येतं?"

"बाहेरून येते, बे. माह्या आत काय हाय? चिवडा." तो जरा वेळ खात राहिला. मग म्हणाला, "तुम्ही सगळे व्याख्यान ऐकता. मी हॉल पाहून राहतो. कोण उठलं, कोणाले जागा नाही भेटली, कोणाचं ध्यान नाही. मंग उभा झालो का ते सामनेच असते. उचलायचं अन् द्यायचं. हे काय आपोआप हाय का?"

"म्हणजे तयारी असते."

"तयारी असते. तालीम नसते. लिव तसं."

मी लिहिलं नाही. मुलांच्या कोशात तयारी आणि तालीम यांच्यातला फरक कुठे समजावत बसणार, असं मला वाटलं. पण पेन्सिलीची खूण तेव्हा केली आणि ती तशीच राहिली.

मागच्या वर्षीच्या आधीच्या पावसाळ्यात त्याला लकवा मारला. उजवा हात गेला, पाय थोडा वाचला, आणि बोलणं गेलं. म्हणजे काय झालं ते मला दवाखान्यात पहिल्यांदा कळेचना. मी शेजारी बसलो होतो, त्याने माझ्याकडे पाहिलं, ओळख पूर्ण होती, डोळ्यांत तीच मिश्किली. तोंड उघडलं, आणि "ते... ते... ते..." यापलीकडे काही येईना. त्याच्या कपाळावर घाम आला. शोभावहिनी म्हणाल्या, "राहू द्या ना जी, नका बोलू." तो चिडून भिंतीकडे वळला. पण दुसऱ्या दिवशी नर्सने त्याला आकडे मोजायला सांगितलं तर त्याने एकापासून सहज मोजले, थांबवेपर्यंत. वारांची नावं म्हणाला. पाढे म्हणाला. प्राचीने आरती सुरू केली तर तिच्याबरोबर पूर्ण म्हणाला, एक शब्द न चुकता, स्वच्छ आवाजात. प्राची आनंदाने रडू लागली. मग तिने विचारलं, "बाबा, पाणी हवंय?" आणि तो पुन्हा "ते... ते..." करू लागला.

स्पीच थेरपिस्ट बाईंनी आम्हाला समजावलं की असं होतं. पाठ असलेलं, लहानपणापासून घोटलेलं बऱ्याचदा शाबूत राहतं. आपण त्या क्षणी जुळवून बोलतो ते मात्र हरवतं, ते परत यायला वेळ लागतो, कधी येतं, कधी येत नाही. त्या हे सगळं फार शांतपणे सांगत होत्या. मी मात्र त्या दवाखान्याच्या व्हरांड्यात येरझाऱ्या घालत राहिलो. जन्मभर ज्याने एक वाक्य पाठ केलं नाही त्याच्याजवळ आता फक्त पाठ केलेलंच उरलं होतं... हे कोणाला सांगावं तेही कळेना.

घरी आणल्यावर मी रोज संध्याकाळी जायचो. त्याला काय हवं होतं हे त्याने न बोलता मला सांगितलं. थेरपिस्ट बाई पाढे म्हणून घ्यायच्या तेव्हा तो म्हणायचा खरा, पण तोंड वाकडं करून, नको असलेली भाजी खावी तसं. आणि मधेच कधीतरी वहिनी चहा घेऊन आल्या, किंवा बाहेर काही पडलं-आपटलं, की त्याचा चेहरा एकदम जागा व्हायचा, ओठ हलू लागायचे, आणि आम्ही सगळे श्वास धरून थांबायचो. "ते..." मग हात गादीवर आपटायचा. त्याला एक वाक्य हवं होतं. स्वतःचं, आत्ता समोर दिसलेल्या गोष्टीबद्दलचं. ते एकदा तरी येईल की नाही, याच्यापलीकडे त्या घरात दुसरा विचार नव्हता. नंतर नंतर माझ्याही डोक्यात दुसरा राहिला नाही.

तेवढ्यात प्राचीचं जमलं. मुलगा हिंगण्याला एका कारखान्यात इंजिनीअर, घरचे अमरावतीचे. साक्षगंध ठरलं, म्हणजे साखरपुडा. प्राचीचा हट्ट होता की पाहुण्यांचे आभार बाबाच मानतील. थेरपिस्ट बाई म्हणाल्या, चार ओळी पाठ करून घ्या, पाठ केलेलं येईल. चार ओळी लिहायचं काम माझ्यावर आलं, आणि मी त्या लिहिल्या, 'उपस्थित मान्यवर' पासून 'ऋणी आहे' पर्यंत. दिवाकरने आयुष्यात कोणाला मान्यवर म्हटलं नव्हतं. रोज संध्याकाळी मी म्हणायचो, तो मागून म्हणायचा. शब्द यायचे. पण आवाजात चढउतार नाही, शाळेतल्या प्रतिज्ञेसारखे. एके दिवशी तर फारच मजा झाली. "उपस्थित मान्यवर, आज आपण सर्व जण येथे..." इथवर आला आणि गाडीने रूळ बदलावा तसा दुसरीकडे गेला, "बे एके बे, बे दुणे चार..." आणि थांबेचना. वीसपर्यंत गेला. मग स्वतःच हसायला लागला, पोट धरून, डाव्या हाताने. वहिनी स्वयंपाकघरातून धावत आल्या, त्यांना वाटलं रडतोय. खूप दिवसांनी त्या घरात असं हसू ऐकलं. पण हसू ओसरल्यावर त्याने माझ्या हातातला कागद घेतला, चुरगळला आणि खाली टाकला.

"भाऊजी," वहिनी मला दाराशी सोडायला आल्या तेव्हा म्हणाल्या, "त्यायले पोपटावानी काहून पढवून राहिले तुम्ही?"

"प्राचीची इच्छा आहे, वहिनी. आणि दुसरं काही येत नाही ना त्याला."

"नाही आलं तर नाही आलं. चूप राहतीन. चूप राहणं काय वाईट हाय?"

दुसऱ्या दिवशी मी नवा कागद घेऊन गेलो.

साक्षगंध खामल्याच्या एका कार्यालयात झालं. आमच्याकडच्या रीतीप्रमाणे मुलाकडची पंगत आधी. मुलीकडच्या बायका सगळ्यांचं होईपर्यंत उभ्याच असतात, वाढप्यांवर लक्ष ठेवायचं, विहिणीला काय कमी-जास्त ते बघायचं. जेवणं आटोपत आली तेव्हा प्राचीने माइक घेतला आणि दिवाकरला धरून उभं केलं. मी पहिल्या रांगेत, त्याला दिसेल असा बसलो होतो, पुढचा शब्द ओठांनी सांगायला. तो म्हणाला, "उपस्थित मान्यवर." स्वच्छ. प्राचीचा चेहरा फुलला. "आज आपण..." आणि थांबला. मी ओठ हलवले, 'सर्व जण'. त्याने माझ्याकडे पाहिलं आणि मान हलवली. नाही. मी पुन्हा हलवले. त्याने माझ्यावरून नजर काढून घेतली.

मग तो हॉल पाहू लागला. मागच्या रांगेपासून, सावकाश, एकेका माणसावर थांबत, जसा तो शनिवारी पाहायचा. कोणीतरी खाकरलं. नवरदेवाचे काका घड्याळाकडे पाहू लागले. प्राची माइक तसाच धरून हळूच म्हणाली, "बाबा, राहू द्या." त्याची नजर हॉलच्या टोकाला, स्वयंपाकघराच्या दाराजवळच्या खांबापाशी जाऊन थांबली. तिथे वहिनी उभ्या होत्या, पदर खोचलेला, एका हाताने खांब धरलेला, सकाळपासून उभ्या असलेल्या बाईसारख्या एका पायावर भार टाकून. त्याचे ओठ हलू लागले. मला माझ्या खुर्चीत बसवेना.

"जेवली..." तो म्हणाला. मध्ये फार वेळ गेला. "...का वं?"

हे माइकमधून साऱ्या हॉलभर गेलं. आणि वहिनी, जशा घरात स्वयंपाकघरातून ओरडतात, तशा तिथूनच मोठ्याने म्हणाल्या, "नाही ना जी अजून!" मग सगळे आपल्याकडे पाहतायत हे त्यांच्या लक्षात आलं आणि त्यांनी पदर तोंडाशी नेला. बायका हसल्या. हसता हसता एकेक गप्प झाली. मुलाच्या आई उठल्या, हात धुवायला निघाल्या असतील असं मला वाटलं, पण त्या सरळ खांबापाशी गेल्या, वहिनींचा हात धरला आणि त्यांना आणून आपल्या शेजारच्या पाटावर बसवलं. "वाढा हो इकडे," त्या वाढप्याला म्हणाल्या, "विहीणबाईचं राहिलंय." मुलीची आई मुलाच्या आईच्या पंगतीत, आणि तीही आधी... जुन्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. दिवाकर तोवर खाली बसला होता. घामाने सदरा भिजला होता, आणि तो वहिनींच्या पानात काय पडतंय ते पाहत होता.

त्यानंतर तो फार बोलू लागला असं सांगता आलं असतं तर बरं झालं असतं. तसं झालं नाही. अधूनमधून एखादा शब्द यायचा, महिन्यातून कधीतरी एखादं छोटं वाक्य. लग्नात त्याच्यापुढे कोणी माइक धरला नाही आणि त्यानेही मागितला नाही. कागद घेऊन जाणं मी बंद केलं. आम्ही अंगणात बसायचो, रस्त्याने जाणारे-येणारे पाहायचो, तो मला कोपराने ढोसून काहीतरी दाखवायचा. सायकलवर शिडी घेऊन जाणारा माणूस. उलटा शर्ट घातलेला एक. मला बहुतेक वेळा उशिराने दिसायचं, तोवर माणूस वळलेला असायचा. गेला त्याच्या आदल्या संध्याकाळीही आम्ही असेच बसलो होतो. काही विशेष घडलं नाही.

वाचनालयाने त्याची शोकसभा घेतली. चांगलं बोलले लोक. मला प्राचीने विचारलं होतं, मी नाही म्हणालो, आणि तिने आग्रह केला नाही. सगळे उभे राहिले, शांतता पाळली, अध्यक्ष म्हणाले, सभा संपली. आणि कोणी उठून जाईना. शोकसभेत आभार मानायची पद्धत नाही, हे सगळ्यांना ठाऊक होतं. तरी माणसं पुन्हा खुर्च्यांमध्ये बसली, मागे वळून पाहू लागली. कित्येक वर्षं त्या हॉलमधून बाहेर पडायचं ते एका आवाजानंतर, तो आजारी पडल्यावरही निदान दुसऱ्या कोणाच्या आभारांनंतर, आणि आज तेही नसताना चप्पल शोधायला पहिल्यांदा कोणी वाकायचं हेच कोणाला कळत नव्हतं. शेवटी खालच्या रस्त्यावर कोणाच्या तरी गाडीचा हॉर्न वाजला आणि लोक उठले.

'आपोआप' मी काढून टाकलं आहे. त्याच्या जागी काय लिहायचं ते अजून नक्की होत नाही. 'समोरचे पाहून' असं लिहिलं होतं, कोशाच्या संपादकांनी विचारलं, याला आधार काय? पुढच्या आठवड्यात पानं छापायला जातील, तोवर बघू. पण यापेक्षा वेगळंच काहीतरी झालंय आणि त्याचं काय करावं ते मला समजत नाही. शनिवारच्या व्याख्यानात माझं आता लक्ष लागत नाही. पूर्वी मी टिपणं काढायचो, वक्त्याचं एक वाक्य सुटू द्यायचो नाही. आता वक्ता बोलत असतो आणि मी बघत असतो, पंख्याखालची जागा कोणी सोडली, कोण चष्म्याशिवाय आलंय. आभार नव्या सचिवबाई मानतात, छान मानतात, कोणाचं नाव गाळत नाहीत.

गेल्या शनिवारी वावटळ सुटली होती. हॉलचं दार आपटू लागलं. दुसऱ्यांदा आपटल्यावर पुन्हा आपटलं नाही, म्हणून मी पाहिलं, तर दाराजवळ बसलेल्या एका मुलीने पाय लांब करून ते धरून ठेवलं होतं. कॉलेजातली असावी, मी तिला आधी कधी पाहिलं नव्हतं. वक्ते लांबले. तिने पाय बदलला, एकदा हाताने धरलं, मग पुन्हा पाय लावला. व्याख्यान संपलं, आभार झाले, लोक उठले, तीही बॅग खांद्याला लावून जिन्याकडे निघाली. मी गर्दीतून वाट काढत तिच्यामागे गेलो. मी असा कोणाच्या मागे जात नाही. काय बोलायचं ते ठरवलेलं नव्हतं, घशाला कोरड पडली होती. ती जिन्याच्या दुसऱ्या पायरीवर होती तेव्हा मी म्हणालो, "तुम्ही दार धरून ठेवलंत."

ती दचकून वळली, काही चुकलं की काय अशी. मग म्हणाली, "हो... वारा होता ना, काका."

"हो," मी म्हणालो. "पाय दुखला असेल."

"थोडासा," ती म्हणाली, हसली, आणि खाली उतरून गेली.